संकल्पाच्या मागे जाता येत नाही : कल्पित जगातील कालविधींची रचना

मिरजेच्या एका तरुण लेखिकेने आपल्या कादंबरीचा मसुदा आणि सोबत तीन प्रश्न पाठवले आहेत. तिच्या कल्पित जगात सांजवट नावाचे नदीकाठचे नगर आहे. तेथे ‘पळकरी’ नावाचा विधिकर्त्यांचा वर्ग असून ‘माघारविधी’ करून हे पळकरी गेलेला काळ परत आणू शकतात. कादंबरीची नायिका त्यांच्यापैकीच एक आहे आणि पुरात बुडालेल्या थोरल्या भावाला ती माघारविधीने वाचवते. मसुदा वाचणाऱ्यांनी तिला विचारले की, हे जर शक्य आहे तर त्या नगरात कोणी मरावेच का, आणि याचे उत्तर तिला देता आले नाही. हा तिचा पहिला प्रश्न. विधी खरा वाटावा, तरीही घरातल्या पूजेची नक्कल होऊ नये, हे कसे साधावे, हा दुसरा. दोन पळकरी एकाच वेळी परस्परविरुद्ध विधींना बसले तर काय होईल, हा तिसरा. अद्भुतकथा लिहिणे आणि इतरांची हस्तलिखिते तपासणे हेच माझे वाईत बसून चाललेले काम असल्यामुळे हे उत्तर थोडे विस्ताराने देतो. पुढचे सर्व तिलाच उद्देशून आहे.

पहिल्या प्रश्नावर तुम्ही स्वतः दोन उपाय करून पाहिलेले दिसतात. माघारविधी केल्यावर पळकऱ्याला तीन दिवस ताप भरतो, असे चौथ्या प्रकरणात आहे आणि विधीला लागणारा नीलखडा एकाच डोंगरात सापडतो, असे सहाव्या प्रकरणात आहे. हे दोन्ही उपाय मला लटके वाटतात, कारण ते विधीला बाहेरून आणून चिकटवलेले आहेत. जिचे मूल विहिरीत पडले आहे ती आई तीन दिवसांचा तापच काय, वर्षभराचे अंथरूणसुद्धा हसत पत्करील. तापाने कोणीही थांबणार नाही. खड्याचे म्हणाल तर दुर्मीळ वस्तू शेवटी श्रीमंताच्या कोठारात जाऊन पडते आणि मग तुमची कथा काळाची न राहता खड्यांच्या पळवापळवीची होते. दुर्मिळता वापरायचीच असेल तर साठवता न येणारी वापरावी. साताऱ्याजवळच्या कास पठारावर टोपली कारवी सात वर्षांतून एकदा सगळीकडे एकदम फुलते. विधीला असे फूल ताजेच लागते, सुकले की त्याचा उपयोग नाही, असे ठरवले तर धनवंतालाही सातव्या वर्षाची वाट पाहावी लागेल आणि त्या वर्षी सारे नगर पठारावर लोटेल. कथाबीज म्हणून हे चांगले आहे. तरीही मूळ शंका उरतेच, कारण निदान त्या सातव्या वर्षी तरी माणसे का मरावीत, असे वाचक विचारणार.

मर्यादा विधीच्या अंगातूनच निघाली पाहिजे. शब्द उच्चारला आणि काम झाले, अशा जादूपेक्षा विधी वेगळा ठरतो तो यामुळे की, विधीला वेळ लागतो. त्याला आरंभ असतो, विस्तार असतो आणि समाप्ती असते. काळावर चालणारा विधी स्वतःही काळातच घडतो, आणि तुम्हाला हवे असलेले बहुतेक सगळे नियम या एका गोष्टीतून काढता येतात. समजा, विधी सूर्योदयानंतर पाच घटकांनी सुरू झाला आणि त्याने काळ सूर्योदयापर्यंत मागे नेला. सूर्योदयाला तर विधी सुरूच झालेला नव्हता. मग काळ मागे नेला कोणी? हा पेच भौतिकशास्त्रातही ओळखीचा आहे. कुर्ट गोडेल यांनी १९४९ साली आइन्स्टाइनच्या समीकरणांची अशी एक उकल मांडली की, तिच्यात काळाची वाट वळून पुन्हा स्वतःलाच येऊन मिळते, आणि अशा वाटेवर कारण आणि कार्य यांचे काय होते यावर पुढे पुष्कळ विचार झाला. कथाकार सहसा काळाला दोन फाटे फोडतात किंवा जे व्हायचे ते होतेच असे म्हणून मोकळे होतात. विधीच्या कथेत मात्र याहून साधा आणि अधिक कडक तोडगा हाताशी आहे. विधीला स्वतःच्या आरंभामागे जाता येत नाही. संकल्प ज्या पळाला सोडला तो पळ हा तळ. त्याच्या खाली उतरायला पायरीच नाही.

संकल्प कसा असतो हे तुम्ही घरच्या सत्यनारायणाला ऐकलेले असणार. यजमान हातात पाणी घेऊन गुरुजींच्या मागोमाग म्हणतो तेव्हा त्यात शालिवाहन शक, संवत्सराचे नाव, अयन, ऋतू, मास, पक्ष, तिथी, वार आणि नक्षत्र येते. दंडकारण्य देश आणि गोदावरीचा दक्षिण तीर असे स्थळही येते. आपण काळात आणि भूमीवर नेमके कोठे बसलो आहोत, याची ही नोंद आहे. ती झाल्यावर काय करणार, कोणासाठी करणार हे सांगायचे आणि हातातले पाणी ताम्हनात सोडायचे. कालविधीला याहून चांगला पाया मला सुचत नाही, कारण काळ, सीमा, हेतू आणि ज्याच्यासाठी विधी करायचा ती व्यक्ती, अशा चारही गोष्टी त्यात आधीच बांधलेल्या आहेत. यांतल्या प्रत्येक गोष्टीतून तुमच्या जगाचा एकेक नियम निघतो.

काळाचा नियम वर सांगितलाच आहे आणि तुमच्या वाचकांच्या शंकेचे अर्धे उत्तर त्यात आहे. मृत्यू परतवायचा तर संकल्प मृत्यूच्या आधी सोडलेला हवा, आणि अपघात काही निरोप पाठवून येत नाही. म्हणून सांजवटात पळकऱ्यांना काही घडण्यापूर्वीच बसून राहावे लागेल. दिवसाच्या ६० घटका. एक घटका २४ मिनिटांची. दहा घटकांची एक बैठक धरली तर चार तासांची पाळी होते आणि अहोरात्रात सहा पाळ्या लागतात. बैठक संपली की तिचा संकल्पही संपतो, म्हणून पहिला उठण्यापूर्वी दुसऱ्याने आपला संकल्प सोडलेला असावा लागतो. आमच्या वाईत कृष्णाबाईचा उत्सव एका घाटावरून दुसऱ्या घाटावर असा क्रमाने सरकत जातो. नदी एकच, पण मान पाळीपाळीने प्रत्येक घाटाकडे येतो. पळकऱ्यांच्या पाळ्याही तशाच घाटांना वाटून दिल्या तर घाटाघाटांमधले मानपान, कोणाची पाळी रात्रीची, कोणाची पर्वकाळाची, कोणाच्या पाळीत पूर्वी अनर्थ झाला होता, हे सगळे नगराच्या जीवनात आपोआप उतरेल.

उरलेले अर्धे उत्तर ‘कोणासाठी’ या पदात आहे. संकल्पात ज्याचे नाव घेतलेले नाही त्याच्यासाठी माघार घेता येत नाही, असा नियम करा. बैठकीच्या आरंभी किती नावे घेता येतील यालाही मर्यादा आहे, कारण नावे घेण्यातच पळे जातात आणि तेवढी पळे बैठकीतून वजा होतात. आता सांजवटातली माणसे का मरतात हे सांगावे लागत नाही. राजघराण्याची नावे प्रत्येक बैठकीत आहेत, सावकारांची बहुतेक बैठकींत आहेत, नावाड्याचे नाव सणासुदीला एखाद्या वेळी येते आणि नदीपलीकडच्या वस्तीचे कधीच येत नाही. तुमच्या नायिकेचा भाऊ कोणाच्या संकल्पात होता? तिने स्वतःच्या पाळीला, नियम मोडून, यादीत त्याचे नाव घातले होते काय? मला तुमच्या कथेचा गाभा येथे दिसतो. तिच्या विधिसामर्थ्यापेक्षा तिने आधी केलेली ही निवड मोठी आहे.

सीमेचा नियम लेखक सहसा विसरतात. सगळे विश्व मागे गेले तर विधी करणारेही मागे जातील, त्यांनाही काही आठवणार नाही आणि तोच अपघात तसाच पुन्हा घडेल. अशी माघार घेऊन कोणाचेच भले होत नाही. म्हणून दोन रेषा हव्यात. एक आतली, पळकऱ्याच्या आसनाभोवतीचे रिंगण. त्याच्या आतले काहीही मागे जात नाही, त्यामुळे पळकऱ्याला सर्व आठवते. दुसरी बाहेरची, संकल्पात उच्चारलेली शीव. तिच्या पलीकडे माघार पोहोचत नाही. या दोन रेषांच्या मधले सगळे, माणसे, गुरे, चूल, घागरीतले पाणी, संकल्पाच्या पळाला जसे होते तसे पुन्हा होते.

याचा परिणाम किती दूर जातो पाहा. सूर्य शिवेच्या बाहेर आहे. चार घटका माघार घेतली तरी तो मागे येत नाही. नगरातल्या माणसांच्या आठवणी पुसल्या गेल्या, पण आकाशाकडे पाहताच त्यांना दिसते की ऊन अचानक दीड तासाहून अधिक पुढे सरकले आहे. माघार कधीच लपत नाही. सांजवटातला साधा भाजीवालासुद्धा सावली उडी मारताना पाहून पाटी खाली ठेवील आणि कोणाचे काय झाले असेल याचा विचार करू लागेल. नदीचेही तेच. वरच्या खोऱ्यातून येणारे पाणी शिवेबाहेरचे, म्हणून ते आपल्या गतीने चढतच राहते. २००५ आणि २०१९ चे महापूर पाहिलेल्या सांगलीकर वाचकाला हे समजावून सांगावे लागणार नाही; आयर्विन पुलाजवळची पातळी फुटाफुटाने चढताना आणि कोयनेतून आणखी पाणी सुटल्याची बातमी येताना त्याने रात्री काढल्या आहेत. तुमच्या नायिकेने चार घटका माघार घेतली की भाऊ पुन्हा काठावर जिवंत उभा असेल, पण त्याच्यापुढचे पाणी चार घटकांच्या पुराने वाढलेले असेल. तुमच्या मसुद्यात माघार घेतल्यावर ती धावत जाऊन त्याचा हात धरते आणि प्रसंग संपतो. या नियमाने खरी धडपड तेथून पुढे सुरू होते.

आता किमतीकडे येतो. या भागावर सर्वांत अधिक विचार करावा, असे माझे आग्रहाचे सांगणे आहे. आपल्या पुराणकथांत काळाशी केलेले व्यवहार अनेक आहेत. अर्जुनाची प्रतिज्ञा सूर्यास्तापर्यंतची होती तेव्हा कृष्णाने सूर्य झाकला. तेथे काळ हलला नाही, जयद्रथाची समजूत हलली. राजा ककुद्मी रेवतीला घेऊन ब्रह्मलोकी गेला, गायन संपेपर्यंत थांबला आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे लोटली. तेथे दोन ठिकाणच्या काळांची गती वेगळी आहे. पण हिशेबाची खरी कथा ययातीची. शुक्राचार्यांच्या शापाने आलेले अकाली वार्धक्य नाहीसे करण्याची सोयच नव्हती; ते दुसऱ्या कोणी घेतले तरच ययाती सुटणार होता. यदू, तुर्वसू, द्रुह्यू आणि अनू या चौघांनी नाकारले, पूरूने घेतले. म्हातारपण तेवढेच राहिले, एका अंगावरून दुसऱ्या अंगावर गेले. कालविधीचा हिशेब असाच असावा. माघारीने जो काळ लोकांच्या आयुष्यातून उसवला गेला तो वाया जात नाही. तो कोणाच्या तरी वयात जमा होतो.

कोणाच्या? विधीचे फळ पुरोहिताला न मिळता यजमानाला मिळते. तेव्हा भारही यजमानावरच पडावा. आकडे मांडून पाहू. शिवेच्या आत दहा हजार माणसे आहेत आणि माघार चार घटकांची आहे. प्रत्येकाच्या चार घटका उसवल्या, म्हणजे एकूण चाळीस हजार घटका. त्यांना साठाने भागले की जवळपास ६६७ दिवस होतात. तेवढा काळ, म्हणजे एक वर्ष आणि सुमारे दहा महिने, यजमानाच्या शरीरावर एका क्षणात चढेल. तुमची नायिका भावापेक्षा दीड वर्षाने धाकटी आहे. विधी संपतो तेव्हा ती त्याच्याहून मोठी झालेली असेल. जन्मभर ज्याला ती दादा म्हणत आली तो यापुढे वयाने तिच्यापेक्षा लहान राहील. तीन दिवसांच्या तापात असले काही नाही.

या हिशेबाने नगराचे राजकारणही आपोआप तयार होते. शीव जितकी लहान आणि आत माणसे जितकी कमी तितकी माघार स्वस्त. म्हणून धनिक आपले वाडे वस्तीपासून दूर बांधतील आणि बैठकीच्या आधी नोकरांना कुंपणाबाहेर काढतील. कर्जात बुडालेल्या कुटुंबातला एखादा मुलगा भाड्याने यजमान होईल आणि विशीत पन्नाशीचा दिसेल. पुराच्या रात्री आजूबाजूच्या गावांतली माणसे सांजवटाच्या आश्रयाला येतील. शिवेच्या आत नेमकी किती डोकी आहेत हे कोणालाच ठाऊक नसेल, आणि नायिकेने दहा हजारांचा अंदाज बांधून संकल्प सोडला असेल. पळकरी आणि यजमान एकच व्यक्ती असणे हा त्या नगरातला सर्वांत मोठा अपराध ठरवावा, असे मी सुचवीन, कारण त्यात मोजणारा आणि देणारा एकच होतो आणि हिशेब तपासायला कोणी उरत नाही. तुमची नायिका नेमके तेच करते.

वय न देता हा भार फेडण्याचा एखादा मार्ग असावा का, हा प्रश्न तुमच्या मनात येईलच. असावा, पण अरुंद असावा. पंचांगात क्षयतिथी येते. चंद्र आणि सूर्य यांच्यातले अंतर बारा अंशांनी वाढायला लागणारा काळ म्हणजे तिथी. तो सुमारे १९ ते २६ तासांच्या दरम्यान कमीजास्त होतो, त्यामुळे एखादी तिथी एका सूर्योदयानंतर सुरू होऊन दुसऱ्याच्या आधीच संपते. तिला सूर्योदयच मिळत नाही, म्हणून ती दिवसाच्या नावात येत नाही. अधिक महिन्याचेही असेच. ज्या चांद्रमासात सूर्याची संक्रांत होत नाही तो अधिक, जसा २०२३ साली अधिक श्रावण आला होता. कल्पित जगात असा काळ बेवारस मानता येतो. तो कोणाच्या आयुष्यातून कापलेला नसतो, म्हणून तो साठवून ठेवावा आणि माघारीचा भार त्यातून फेडावा.

साठवायचा कोठे, याला सांगलीजवळच्या हरिपुरात उत्तर आहे. हळदीची पेवे तुम्ही पाहिली असतील. जमिनीत खोल खणलेले, तोंडाशी अरुंद आणि आत रुंद असे कोठार. हळद भरून तोंड मातीने लिंपले की आत हवा खेळत नाही, कीड लागत नाही आणि माल दीर्घकाळ जसाच्या तसा राहतो. पेव उघडल्यावर लगेच कोणी आत उतरत नाही. आतली हवा कोंदलेली असते, तीत जीव गुदमरतो, म्हणून पेव काही वेळ उघडे ठेवतात आणि कंदील सोडून पाहतात. तो विझला तर माणूस वरच थांबतो. सांजवटाच्या जुन्या गढीखाली क्षयतिथींची पेवे आहेत, असे लिहा. ती भरायला पिढ्या गेल्या आहेत, उघडताना काही घटका थांबावे लागते, आणि ज्याला तातडीने काळ हवा आहे त्याला नेमके थांबणेच परवडत नाही. २००५ च्या पुरात हरिपूरच्या पेवांत पाणी शिरून हळदीची नासाडी झाली होती. तुमच्या कथेतला पूर पेवांपर्यंत पोहोचला तर नगराची सारी शिल्लक एका रात्रीत जाईल आणि त्यानंतरच्या प्रत्येक माघारीचा भार माणसांच्या वयावर येईल. कादंबरीच्या उत्तरार्धासाठी यापेक्षा भक्कम कारण तुम्हाला शोधावे लागणार नाही.

समाप्तीविषयी तुमच्या मसुद्यात एक ओळही नाही. ती उणीव भरून काढाच. उत्तरपूजा होऊन विसर्जन होईपर्यंत विधी संपत नाही, आणि तोवर त्या शिवेतला काळ कच्चा असतो, कारण तो केव्हाही परत घेतला जाऊ शकतो. अशा नगरात खरेदीखत कधी पक्के समजायचे? लग्न कधी लागले म्हणायचे? बैठकीच्या काळात जन्मलेल्या मुलाचे काय? मला वाटते, सांजवटाचे लोक जन्म, विवाह आणि मोठे व्यवहार दोन बैठकींच्या सांध्यापर्यंत ‘झाले’ असे म्हणणार नाहीत. बाळ जन्मल्यावर विसर्जनाची घंटा होईपर्यंत कोणी पेढे वाटणार नाही. हे एवढे एक दृश्य पहिल्या प्रकरणात आले की पुढचे चार पानांचे स्पष्टीकरण तुम्ही काढून टाकू शकाल.

दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर यातच बरेचसे आलेले आहे. पूजेची बांधणी घ्या, तिचे मंत्र घेऊ नका. खऱ्या मंत्रांची मोडतोड करून कथेत घालणे मला रुचत नाही. ज्यांच्या घरी ते श्रद्धेने म्हटले जातात त्यांना ते खुपते आणि कथेलाही उसनेपणा येतो. पळकऱ्यांचे शब्द साध्या, ठसठशीत मराठीत लिहा: स्थळ, पळ, नाव, हेतू. विधीचा खरेपणा शब्दांपेक्षा हातांच्या कामात असतो, म्हणून उपकरण निवडून त्याची ओळख करून घ्या. घटिकापात्रच घ्या. आपल्याकडे लग्नाचा मुहूर्त मोजायला ते वापरत असत. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी पाण्याने भरलेल्या गंगाळात सोडतात. छिद्रातून पाणी आत येत राहते आणि २४ मिनिटांनी ती बुडते. शक्य झाल्यास अशी वाटी करवून घेऊन एकदा समोर बसून पाहा. सुरुवातीला तळाशी पाण्याचा लहानसा फुगवटा उठतो, मग बराच काळ काही घडत नाही असे वाटते, काठ पाण्याच्या अगदी लगत येऊन टेकतो आणि त्यानंतरचे सारे एकदम होते; वाटी कलते, गडप होते आणि गंगाळाच्या तळाला लागल्याचा आवाज येतो. त्या मधल्या लांबणीत पळकऱ्याच्या पायाला मुंग्या येतात, पापण्या जड होतात आणि समईची वात सारायला मात्र उठता येत नाही. हे लिहा, गूढ प्रकाश आणि थरथरणारी हवा यांची मग गरज पडणार नाही.

या उपकरणाचे दोषही तुमच्या उपयोगाचे आहेत. गढूळ पाण्यात छिद्राशी गाळ बसला की पाणी सावकाश शिरते आणि घटका लांबते. पाणी थंड असले तरीही ते किंचित सावकाश शिरते. म्हणजे पुराच्या रात्री, नदीच्या पाण्यावर चालणारे पात्र खरी घटका दाखवीत नाही. एक घटका म्हणजे ६० पळे, एक पळ २४ सेकंदांचे. भाऊ पाण्यात ओढला गेला तो संकल्पाच्या आधी की नंतर, हे दोन-तीन पळांवर अवलंबून असेल तर गाळाचा एक कण निर्णायक ठरतो. नायिकेने गंगाळातले पाणी गाळून घेतले होते का, वस्त्र कोणते वापरले, हे प्रश्न मग वाचकाला तलवारीच्या धारेइतके महत्त्वाचे वाटू लागतात.

तिसरा प्रश्न दोन विधींच्या संघर्षाचा. शिवा वेगळ्या असतील तर संघर्षच नाही. एकच शीव असेल किंवा एकीचा भाग दुसरीत येत असेल तर ज्याचा संकल्प आधीचा त्याचा तळ खोल, असे धरा. आधीच्याने माघार घेतली की नंतरच्याचा संकल्पच त्या भागात सुटलेला नाहीसा होतो. त्याचे रिंगणही दुसऱ्याच्या शिवेत असल्यामुळे पुसले जाते आणि त्याची आठवणही जाते. उलट, नंतरच्याने माघार घेतली तर आधीच्याला ती आठवते, कारण त्याचे रिंगण अजून शाबूत असते. यातून एक भयंकर शक्यता निघते आणि ती तुम्ही वाया घालवू नये: विसर्जन न केलेला सर्वांत जुना संकल्प ज्याच्या हाती आहे तो सगळ्यांच्या खाली उभा आहे. सांजवटात पिढ्यान्‌पिढ्या न उठवलेले असे एक आसन असू शकेल. त्याच्यापुढचे पात्र एकाने दुसऱ्याच्या हाती देत, कधीही विसर्जन न करता, चालू ठेवलेले असेल. त्यावरून माघार घेण्याची किंमत कोणताही यजमान देऊ शकत नाही, पण आसन मोडण्याचे धाडसही कोणी करत नाही, कारण जोवर ते आहे तोवर नगराचा सगळा इतिहास कच्चा आहे.

तुमच्या अकराव्या प्रकरणात नायिका पूर्वेच्या काठावर आणि तिचे गुरू पश्चिमेच्या काठावर एकाच रात्री बसतात. दोघांच्याही शिवेत नदी आहे. गुरूंना नगर वाचवायचे आहे, तिला भाऊ. दोघांचे संकल्प दोन-चार पळांच्या फरकाने सुटले आहेत आणि दोघांची पात्रे पुराच्या पाण्यावर चालली आहेत, म्हणून आधीचा कोण हे दोघांनाही पात्रावरून ठरवता येणार नाही. ते ठरवायला शिवेबाहेरचा साक्षीदार हवा, ज्याने दोन्ही काठांवरच्या समया पेटताना पाहिल्या आणि ज्याची आठवण कोणत्याही माघारीने पुसली जाणार नाही. तुमच्या मसुद्यात पाचव्या प्रकरणात टेकडीवरचा एक गुराखी येऊन जातो आणि पुन्हा दिसत नाही. टेकडी शिवेबाहेर आहे. त्याला अकराव्या प्रकरणात परत आणा, त्याची साक्ष गुरूंच्या माघारीनंतर आणि नायिकेच्या माघारीआधी ठेवा, आणि तिने ती ऐकावी की ऐकू नये हा निर्णय तिच्यावर सोपवा.